समोरच्या बाकावरची

हैदराबादच्या दवाखान्यात नर्सबाई बाहेर आली आणि तेलुगूत दोन वाक्यं बोलली. मला तेलुगू कळतं. मेंढरं घेऊन निम्मी हयात तिकडं हिंडलोय. तरी मी आमच्या पोराकडं, सिद्रामकडं, बघत राहिलो. त्यानं मराठीत सांगितलं तरच ते खरं, असं काहीतरी डोक्यात होतं. तो भिंतीकडं तोंड करून उभा राहिला. माझ्या चपलेचा अंगठा सुटला होता, तो मी खाली बसून बसवत राहिलो... भागीरथी जाऊन आता दीड महिना होईल. बायको गेली तरी मला रडू आलं नाही. लोक म्हणतात येईल. बघू.

तिचा बाप बीदरात, मैलूरला राहायचा. एका वाचनालयात शिपाई होता. जुने अंक रद्दीत जायच्या आधी तो चाळून बघायचा. त्यातलं एक पान त्यानं घरी आणलं होतं, ते लग्नात भांड्यांबरोबर आमच्या कमठाण्याच्या घरात आलं आणि चुलीजवळच्या भिंतीवर लागलं. विलायतेच्या पार्लमेंटचं, हातानं काढलेलं चित्र. मोठ्या लढाईनंतर तिथं मजूर पक्षाचं राज्य आलं, तेव्हाचं. मधे मेज, अलीकडं सरकारचे मंत्री, समोर विरोधी पक्ष. बापानं तिला एकेक माणूस समजावून दिलेला. नावं तिच्या तोंडात बसायची नाहीत, पण माणसं पाठ होती.

"ह्यो बगा, दवाखान्याचा मंत्री. लहानपणी कोळशाच्या खाणीत व्हता. गरिबाला औषध फुकट केलं ह्यानं. अन् ह्यो जाडा परदेशाचं बघायचा. अकराव्या वर्षी शाळा सुटली, घोडागाडी हाकायचा."

"मग मी बी मंत्री झालो असतो की," मी म्हटलं.

"तुमची चौथी झालीय. तुमी लई शिकलाव."

पण तिचा जीव समोरच्या बाकावरल्या टकल्या म्हाताऱ्यावर. लढाई त्यानं जिंकून दिली आणि लोकांनी मतं दुसऱ्याला घातली. "तरी बी येऊन समोर बसला," ती म्हणायची. "रुसून घरी न्हाई बसला. कुणीतरी न्हाई म्हणायला पायजे. न्हाईतर सरकार माजतंय."

हेच तिनं आमच्या घरात चालू केलं. चुलीच्या एका अंगाला मी, दुसऱ्या अंगाला ती, मधे तिची चंची, पानसुपारीची कापडी पिशवी. मी काहीही काढलं की ती पहिल्यांदा न्हाई म्हणणार. म्हैस घेऊ? न्हाई. घरावर पत्रे टाकू? न्हाई. पत्रे तिलाच पाहिजे होते, वर्षभर माझ्या मागं लागलेली, तरी न्हाई! मग मी कारणं सांगायची, तिनं खोडायची. पटलं की ती चंची माझ्याकडं सरकवायची. तो कौल. मी पान लावायचं आणि कामाला लागायचं. एकदा चंची सरकली नाही तरी मी रागानं बोअर मारला. नुसती धूळ निघाली. गाव हसलं, ती हसली नाही. "सरकार पडलं. उठा, जेवून घ्या," एवढंच म्हणाली.

या उन्हाळ्यात तिच्या पोटात गाठ निघाली. बीदरचे डॉक्टर म्हणाले, हैदराबादला न्या, ऑपरेशन करावं लागेल, वय झालंय म्हणून खात्री देत नाही. मी चुलीपाशी बसून तिला सगळं सांगितलं.

"न्हाई," ती म्हणाली. "मला कुठं नेऊ नका. हितंच ऱ्हाऊ द्या."

"कामून?"

"हितं मला सगळे वळखतेत."

मला वाटलं, झालं हिचं सुरू. म्हशीला न्हाई, पत्र्याला न्हाई, तसंच हे न्हाई. मी माझी कारणं सांगितली. ती एकही खोडेना. गप बसली... एवढ्या वर्षांत असं कधी झालं नव्हतं. मी धरून चाललो की विरोधी पक्ष दमला, आपण जिंकलो. तेवढ्यात सिद्राम जीप घेऊन आला. चंचीकडं मी बघितलंच नाही.

दवाखाना मोठा, सगळा काचेचा. खाटेवर पडल्या पडल्या तिनं इकडंतिकडं बघितलं. "हे खाणीतल्या मंत्र्यानं बांधलंय का हो?"

"न्हाई."

"तरीच."

ऑपरेशनच्या आदल्या दिवशी मी म्हटलं, "आता तरी व्हय म्हण की."

"कामून इचारायलाव? आणलाव की," ती म्हणाली. मग, "जेवलाव का?"

माती देऊन घरी आलो तेव्हा चंची तिच्या पाटाला टेकून ठेवलेली होती. पार तिच्या अंगाला. मधे सुद्धा नव्हती. सिद्राम म्हणतो, "अप्पा, हितं ठेवली असती तरी गेलीच असती." असेल. पण ओळखीच्या माणसांत गेली असती. तिनं तेवढंच मागितलं होतं, आणि मी ते रोजच्या वादात धरलं.

आता सिद्राम म्हणतो, "एकटं कामून ऱ्हायलाव? कुलूप घाला, कलबुर्गीला चला माझ्याकडं." पोरगं चांगलं आहे. मी माझ्या जागी बसून मोठ्यानं विचारलं, "कलबुर्गीला जाऊ?" समोरून कुणी न्हाई म्हणालं नाही. परवा उठून तिच्या पाटावर बसलो. तिथून ते चित्र समोर दिसतं. माझ्या जागेवरून ते पाठीमागं येतं, म्हणून मी ते बसल्या जागी कधी बघितलंच नव्हतं. चित्राखाली माझा पाट. रिकामा.

चंची मांडीला लागत होती. आतल्या पानांचा वाळून भुगा झालाय. पलीकडं सरकवावी म्हणून हात घातला... आणि काढून घेतला. सिद्रामला फोन करून सांगितलं, अजून कौल मिळाला नाही.