नेस्ता कापेलची किल्ली

वेल्समधल्या आमच्या गावात पाटीच्या दगडाची खाण कधीच बंद पडली. मागे काळ्या चुऱ्याचा डोंगर उरला, एक पूल उरला आणि भरमसाट जोन्स उरले. 'जोन्स' अशी हाक मारली की चौघे वळणार. म्हणून ज्याच्या त्याच्या कामाचं शेपूट नावाला लावलेलं. आयफर पाववाला, बेती पोस्ट. तशी नेस्ता जोन्सची झाली नेस्ता कापेल. कापेल म्हणजे आमचं प्रार्थनाघर, खाणीतल्या माणसांनी पाळी संपल्यावर दगड वाहून बांधलेलं. लग्न होऊन आली तेव्हापासून त्याची झाडलोट आणि किल्ली नेस्ताकडे.

प्रार्थनेला येणारी माणसं सरली, कापेल विकलं गेलं. मँचेस्टरचा कुणी गृहस्थ तिथं राहायला येणार होता. शनिवारी त्याला किल्ली द्यायची.

नेस्ता रडली नाही की चिडली नाही. चहा करायची, गार झाला की ओतून द्यायची, पुन्हा आधण ठेवायची. आत एकच गोष्ट अडकून बसलेली: किल्ली गेली की आपण कोण?

आयफरनं दुकानात नेमकं तिथंच बोट ठेवलं. "आता तुला काय म्हणायचं गं, नेस्ता?"

"नुसती नेस्ता म्हण."

"नुसती कशी? वरच्या आळीला दुसरी आहे की, मेंढ्यावाली. लोक तिच्या मेंढ्या तुझ्या दारात आणून सोडतील."

"सोडू देत. लोकर तरी मिळेल."

मागून बेती म्हणाली, "माझं पोस्ट बंद पडलं, तिथं आता केस कापतात. मला कुणी बेती कात्री म्हणतं का रे?"

"जीभ बघून म्हणायला हवं होतं!"

सगळे हसले. नेस्ताही हसली, पण ते हसू तोंडावरच राहिलं.

शनिवारी ती बादली-फडकं घेऊन गेली. बाक नेलेले, फरशीवर त्यांच्या फिकट खुणा. त्यासुद्धा तिनं पुसल्या. तो गृहस्थ आला, अदबीनं म्हणाला, "आपलं नाव?"

"नेस्ता कापेल." इतक्या वर्षांची सवय, निघून गेलं तोंडातून.

किल्ली घेत तो म्हणाला, "फार जपलंत हो तुम्ही, मिसेस कापेल."

बिचाऱ्याला ते आडनावच वाटलं. चूक सांगायला तिनं तोंड उघडलं आणि मिटलं.

पुलापाशी आयफरची पावाची गाडी थांबली. "दिलीस किल्ली? आणि नाव गं?"

"ते त्यानं माझ्याकडेच ठेवलं," ती म्हणाली, आणि रिकामी बादली या हातातून त्या हातात घेऊन चढाला लागली.