दोन खिसे

आमच्या शाखेचा हेड कॅशियर चालताना मधेच थांबून पँटचे दोन्ही खिसे चाचपायचा. नवी मंडळी हसायची. उजव्या खिशात तिजोरीची त्याची किल्ली असे आणि डाव्यात माझी, हे फक्त आम्हा दोघांना ठाऊक होतं. आम्ही नोकरीला एकाच दिवशी लागलेलो. तिजोरी दोन किल्ल्यांनी उघडते आणि त्या दोन वेगवेगळ्या माणसांकडेच असाव्यात, असा नियम. पण आंब्याच्या दिवसांत मी सकाळी पावस गावी बागेत अडकायचो, यायला उशीर व्हायचा. "ठेव रे माझ्याकडे," तो दरवर्षी म्हणायचा.

यंदा एका सकाळी बँक उघडतानाच तपासणी अधिकारी दारात उभे. मी अजून वाटेत. कधी छत्रीसुद्धा न विसरणारा हा माणूस म्हणाला, "साहेब, माझी किल्ली घरी राहिली. घेऊन येतो." आणि स्कूटर काढून पावसच्या रस्त्याला येऊन उभा राहिला. मला थांबवून माझी किल्ली हातात कोंबली. "तू आधी पोच मेल्या. मी मागून येतो."

मला कोणी काही विचारलं नाही. त्याला निष्काळजीपणाचा मेमो मिळाला, अख्ख्या नोकरीतला पहिला.

संध्याकाळी निघताना सवयीने मी किल्ली पुढे केली. त्याने माझी मूठ मिटवली.

"रागावलो नाय रे. दमलो."

आता तो उजवा खिसा चाचपतो. डाव्याकडे हात जातो, पण अर्ध्यातूनच परत फिरतो.