ओतावियो घरी पोचला

गेल्या महिन्यात ब्राझीलहून पत्र आलं. ओतावियोच्या बहिणीचं, कुणाकडून तरी इंग्रजीत लिहून घेतलेलं. दुपारी जेवून आडवा झाला तो उठलाच नाही, स्वतःच्या घरात, स्वतःच्या खाटेवर... माझे डोळे भरून आले. पण खरं सांगू? छातीवरचं ओझंही उतरलं. हा माणूस तिकडच्या तुरुंगात मरेल, नाहीतर लंडनच्या भाड्याच्या खोलीत एकटाच, अशी धास्ती मी कित्येक वर्षं बाळगली होती.

ओतावियो नट होता. तुम्ही नाव ऐकलं नसेल. मायदेशी त्याने चार-पाच सिनेमे केले होते, टेलिव्हिजनवरही दिसायचा. मग एका नाटकावरून लष्करी सरकारने त्याच्या मित्रांना उचललं आणि हा मिळेल त्या बोटीने निघून लंडनला आला. साठचं दशक संपत आलं होतं. मी तेव्हा लंडनच्या एका स्टुडिओत कपडेपटात शिवणकाम करायची. त्याचा रंग सावळा, केस काळे, म्हणून त्याला कधी मेक्सिकन दरोडेखोर करत, कधी अरब पहारेकरी. दोन वाक्यं बोलायची आणि मरायचं. "रेचल, या आठवड्यात मी कुठल्या देशाचा?" माप देताना तो विचारायचा.

एकदा त्याला भारतीय डॉक्टर केलं. संहितेत एवढंच होतं, 'आपल्या भाषेत काहीतरी पुटपुटतो.' दिग्दर्शक म्हणाला, काहीही बडबड, कुणाला कळतंय! ओतावियो कोट घालून बघायला आला तो खट्टू होऊनच.

"तुझी भाषा कुठली?"

"मराठी. आम्ही ज्यू, पण मुंबईचे. घरी आईशी मराठीच बोलते."

"मग आजारी बाईला डॉक्टर काय म्हणेल ते शिकव."

बाह्या टाचता टाचता शिकवलं, "घाबरू नका, आजी. मी आहे ना." 'घ' त्याला काही केल्या जमेना. तीन दिवस घोकत होता.

माझे वडील गेल्यापासून आई घरात गप्प बसून असायची. इंग्रजी जेमतेम, बोलणार कुणाशी? तो प्रसंग टीव्हीवर लागला त्या संध्याकाळी ती समोरच बसली होती. ओतावियो म्हातारीच्या उशाशी वाकला आणि म्हणाला, "गाबरू नका, आजी. मी आहे ना." आई ताडकन उठली. "अगं, हा आपलं बोलला!" आणि रडायलाच लागली. वडील गेल्यावरही ती रडली नव्हती.

पुढच्या रविवारी त्याला जेवायला बोलावलं. नारळाच्या दुधातली मासळी त्याने दोनदा मागून घेतली. त्याची आई अश्शीच करायची म्हणे. मग तो दर रविवारी येऊ लागला.

गेल्या वर्षी तिकडची हवा पालटल्याचं, देश सोडून गेलेल्यांना माफी मिळाल्याचं कळलं आणि त्याने जायचं ठरवलं. मी चिडलेच. "आणि उतरल्या उतरल्या धरलं तर?"

"धरलं तर धरलं. इथे मला दोन वाक्यं मिळतात, तीही परक्या भाषेत. वय झालं गं आता."

पोचल्यावर तार करीन म्हणाला होता. पाच दिवस तार नाही. दारात काही पडल्याचा आवाज झाला की आई धावायची. सहाव्या दिवशी तार आली : 'सुखरूप. बहीण घ्यायला आली होती. कुणी अडवलं नाही.' आम्ही दोघी पायरीवरच बसलो.

तिकडच्या एका मालिकेत त्याला आजोबांचं काम मिळालं. मोठं नव्हतं, पण रोज बोलायला मिळायचं. 'बाजारात बायका थांबवून विचारतात, सुनेला माफ कधी करणार?' असं त्याने लिहिलं होतं. इतकं खुशीतलं पत्र त्याने कधी पाठवलं नव्हतं.

बहिणीचं पत्र मी आईला वाचून दाखवलं. ती एवढंच म्हणाली, "एकटा नव्हता ना?"

"नाही. बहीण शेजारच्या खोलीतच होती."

"मग झालं."

काल संध्याकाळी टीव्हीवरचं नाटक संपलं, म्हणून मी तो बंद करायला उठले. पडद्यावर नटांची नावं सरकत होती. ओतावियोचं नाव नेहमी अगदी तळाला यायचं, आणि रविवारी आमच्याकडे असला की तो ते आईला बोटाने दाखवायचा. आईला इंग्रजी अक्षर वाचता येत नाही.

"थांब," ती म्हणाली. "सगळी नावं होऊ देत."

मी परत खाली बसले.