आईचं नाव पुसलेला खेळ

जपानी व्हिडिओ गेमचं इंग्रजी करायला आम्ही सगळे फुकट राबलो, याचं मला कधीच वाईट वाटलं नाही. कंपनीने जपानबाहेर न विकलेला खेळ आपल्यालाही कळावा म्हणून हौशी माणसं एकत्र येतात, जपानी मजकुराच्या जागी इंग्रजी बसवणारी फाइल बनवतात आणि नेटवर ठेवून देतात. तिला पॅच म्हणतात. आमच्या गटात जपानी जाणणारा एक, खेळाच्या पोटात शिरून मजकूर बदलणारा एक, आणि बदलापुरात बेलवलीच्या फ्लॅटमध्ये बसून इंग्रजी वाक्यं घासूनपुसून देणारी मी.

खेळ भातशेतीचा होता. भाताच्या लावणीच्या एका प्रसंगात, आमच्या इंग्रजीत, गावकरी चिखलात गवताच्या जुड्या लावत होते. मला काहीच खटकलं नाही. आईला सहज वाचून दाखवलं, तर ती हसायलाच लागली. तिचं माहेर-सासर दोन्ही बारवी धरणाकडचं, आयुष्य भाताच्या चिखलात गेलेलं.

"आवणीला गवत कोण लावतं? रोपांच्या मुठी असतील त्या," ती म्हणाली.

तिचंच बरोबर निघालं. मग शेतीचा सगळा मजकूर मी तिला विचारून विचारून लिहिला. पॅचच्या पहिल्या पडद्यावर, 'हा फुकट आहे, विकू नका' या ओळीखाली, आमच्या नावांसोबत तिचंही नाव घातलं. ते टीव्हीवर दाखवीन, असं तिला कबूल केलं होतं.

भावाने उल्हासनगरच्या एका दुकानातून आपल्या मुलीसाठी टीव्हीला जोडून खेळायचा जुना कन्सोल आणला. त्यात आमचा खेळ भरलेलाच होता. आई चष्मा पुसून टीव्हीसमोर बसली. पहिला पडदा आला आणि त्यावर दुकानाचं नाव, खाली मोबाइल नंबर. आमची नावं साफ पुसलेली. पुढे रोपांच्या मुठी मात्र जशाच्या तशा.

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. दुसऱ्याच दिवशी दुकान गाठलं. दुकानदार खुर्चीवरून हललासुद्धा नाही. नेटवर फुकट पडलेला माल, त्यात नावं कोण बघतं, असं त्याचं म्हणणं.

"आणि मॅडम, तुम्ही तरी कंपनीला विचारलं होतं का?"

नव्हतं विचारलं. पण आम्ही कंपनीचं नाव पुसलं नव्हतं, आणि दुसऱ्याची मेहनत आपली म्हणून विकलीही नव्हती. हे मी त्याला तोंडावर सांगितलं. त्याने सरळ पुढच्या गिऱ्हाइकाकडे मान वळवली. असा निर्लज्जपणा मी आजवर पाहिला नव्हता.

घरी येऊन आईला लॅपटॉपवर आमचा खरा पॅच दाखवला, तिच्या नावावर बोट ठेवलं. जाऊ दे, इथे तरी आहे ना, असं मीच म्हणाले.

आईने लॅपटॉप मिटला.

"सातबाऱ्यावर माझं नाव कधी नव्हतं. तेव्हा गप्प बसले," ती म्हणाली, आणि उठून चपला शोधायला लागली. "चल, कुठं आहे त्याचं दुकान?"