हौसाक्काचा न वाळणारा पुतळा

अक्का गेल्याचा फोन आला तेव्हा मी सांगलीत आमच्या आरोग्य केंद्राच्या फ्रिजमधल्या लशी तपासत होते. तिची मुलगी नंदा एवढंच म्हणाली, "मावशी, अक्का गेली. सकाळी च्या पिऊन आडवी झाली ती उठलीच न्हाई." मी फ्रिजचं तापमान वहीत लिहिलं, सही केली, रजेचा अर्ज दिला आणि म्हसवडला जाणारी एसटी धरली. रडणं मला पटकन जमत नाही. गाडीत बसल्यावर डोक्यात एकच गोष्ट घोळत होती... अंघोळीचा बंब पेटवायला अंगणात कोरड्या शेणी असतील का.

दुपारी उतरले तर चौकात फ्लेक्स लागलेला. वर कोपऱ्यात अक्काचा रेशनकार्डावरून काढलेला धूसर फोटो, आणि खाली तिच्या चौपट आकारात हात जोडलेले तिचे धाकटे दीर, सर्जेराव. 'मातेसमान वहिनी'. या गोष्टीला आता सहा आठवडे झाले. मधल्या काळात तिच्याबद्दल जी भाषणं झाली, त्यांत प्रत्येकानं सांगितलं की हौसाक्का फार क्षमाशील होती, तिनं कुणाबद्दल मनात काही ठेवलं नाही. हे खोटं आहे. तिनं ठेवलं होतं आणि नीट जपून ठेवलं होतं. मी तिच्या घरी अकरा वर्षं भाडेकरू होते, म्हणून हे मी लिहायला हवं.

मी म्हसवडला आरोग्यसेविका म्हणून गेले तेव्हा अक्का पन्नाशीची होती. पहिल्याच महिन्यात तिच्या पायाला काटा लागून पिकलं. मलमपट्टी करताना मला घोट्याभोवतीचा जुना गुळगुळीत वण दिसला. "हे काय?" मी विचारलं. "साखळी," ती म्हणाली, जसं कुणी 'देवीचा व्रण' म्हणावं तसं. नवरा साप चावून गेल्यावर तिचं बोलणं बंद झालं होतं. दिरानं, याच सर्जेरावांनी, गावभर सांगितलं की वहिनीचं डोकं फिरलंय, आणि मेंढरांच्या छपरात मधल्या खांबाला तिचा पाय बांधला. आठ महिने. लहानगी नंदा भाकरी आणून द्यायची. पोलिसात कुणी गेलं नाही. घरातली गोष्ट आहे, म्हणाले. शेवटी तिचा भाऊ आला, साखळी तोडली आणि तिला मिरजेला एका दवाखान्यात घेऊन गेला.

तिथल्या डॉक्टरबाईंनी तिला फार प्रश्न विचारले नाहीत. ओल्या मातीचा गोळा पुढ्यात ठेवला आणि म्हणाल्या, सांगता येत नसेल तर करून दाखवा. अक्काच्या हाताला हे काम नवीन नव्हतं. आमच्याकडे दिवाळीत अंगणात शेणाच्या गवळणी घालतात. छोट्या छोट्या बाहुल्या, बळीराजा, लंगडा पेंद्या, जातं, उखळ, सगळा संसार. तिनं मातीत एक माणूस केला आणि त्याच्या हातात पदराच्या सुताचा दोर दिला. डॉक्टरबाईंनी विचारलं, हा कोण? वर्षभराच्या मौनानंतर तिच्या तोंडून पहिला शब्द निघाला तो 'दीर'.

ती बोलती होऊन परतली. भावानं भांडून राहतं घर आणि ते छप्पर तिच्या नावावर करून घेतलं. दीर समोरच्याच दारात. दुसरी कुणी असती तर छपराकडे फिरकली नसती. अक्कानं तिथली लेंडीची घाण काढली, जमीन सारवली आणि दर रविवारी दुपारी बायका बसवायला लागली. मधल्या खांबाला कुणी टेकायचं नाही, एवढाच त्या जागेचा नियम. शेणात थोडी माती कालवायची आणि आपल्याला जे छळतंय त्याची वस्तू करायची. नाव घ्यायचं नाही. एकीनं सासू केली ती बूड नसलेला रांजण म्हणून, कितीही ओता भरत नाही. एकीनं नवरा केला, नुसतं तोंड, खाली धडच नाही. सगळ्या हसल्या, मग तीच रडली, मग तिनं त्या तोंडाला दात बसवले. वस्तू वाळली की बाई ती घरी न्यायची, बंबात घालायची आणि त्या पाण्यानं डोक्यावरून अंघोळ करायची. "आजवर त्यानं आपल्याला जाळलं," अक्का म्हणायची, "आता त्याच्यावर आपलं पाणी तापू दे."

मला आधी हे सगळं खुळ्यासारखं वाटलं. मी रक्तदाब मोजणारी बाई. पण ज्या बायका डोकं ठणकतंय म्हणून दर आठवड्याला माझ्याकडे गोळ्या मागायला यायच्या, त्यातल्या काही यायच्या बंद झाल्या. वाटेत भेटल्या तर म्हणायच्या, "आता झोप लागती, बाई." मग मी स्वतःहून बायका धाडायला लागले. मी मात्र कधी बसले नाही. मला कुणी बांधलेलं नव्हतं.

एकदा शहरातून एक समुपदेशक बाई आल्या. चांगल्या होत्या. राग सोडून द्यायला शिकलं पाहिजे, माफ केलं की मन हलकं होतं, असं त्यांनी तासभर सांगितलं. अक्कानं सगळं ऐकून घेतलं. "बाई, तुमच्या पायात कवा साखळी होती का?"

"नाही हो."

"न्हाई ना? मग च्या घ्या."

तिनं स्वतः केलेला पुतळा छपराच्या कोनाड्यात बसलेला असायचा. दोर हातात, मान जरा पुढे. बाकीच्या बायकांच्या वस्तू महिन्याभरात जळून जायच्या. हा वीस वर्षं तिथंच. दर दिवाळीत अक्का त्याला ओल्या शेणाचा नवा हात द्यायची आणि पोट थोडं वाढवायची. समोरच्या दारातलं पोटही तेवढंच वाढत होतं. सर्जेराव एकदा आत डोकावून म्हणाले, "वैनी, ह्यो कोण बसिवलाय?"

"पेंद्या हाय. गवळणींच्या संगं असतो की."

ते हसत निघून गेले. मी तिला विचारलं, "अक्का, तू सगळ्यांना जाळायला सांगतेस. याला का नाही जाळत?"

"अजून वाळला न्हाई."

"दरवर्षी ओला केल्यावर कसा वाळेल?"

"मी हाय तवर त्येला सुटका न्हाई," ती म्हणाली. "मी गेल्यावर वाळंल. तवा तू लाव. पाणी वाया घालवू नको मातर."

तर त्या दिवशी माणसं तिला पोचवून परत आली. माण नदी कोरडी, त्यामुळे अंघोळी घरी. सुतकाच्या घरी चूल पेटत नाही, पण बंब पेटतो. टँकरचं पाणी भरून ठेवलेलं होतं. सर्जेराव आमच्याच ओट्यावर टेकले. दमले होते, सगळ्यांच्या पुढे तेच चालत गेले होते. "सिस्टर, ऊन पाणी मिळंल का जरा? गार पाण्यानं गुडघं धरत्यात माझं."

"मिळेल की, आण्णा. बसा."

मी छपरात गेले. पुतळा उचलला तर हाताला वजनच लागेना. अंगठा दाबून पाहिला, ठसा उमटला नाही. बंबात खाली दोन शेणी लावल्या आणि वरून त्याला डोकं खाली करून सोडला. धूर झाला नाही. दोर आधी गेला, मग हात, पोट बराच वेळ लाल होऊन धगधगत राहिलं. भिंतीशी बसलेल्या रविवारच्या बायका एकमेकींकडे बघत नव्हत्या. एकीनं पदराचा बोळा तोंडात धरला होता.

सर्जेरावांनी अंगावर पहिला तांब्या घेतला आणि ते समाधानानं हुंकारले. "लय झ्याक तापलंय. कसलं जळण घातलंत?"

"घरचंच आहे, आण्णा."

"वैनीच्या शेणीच तसल्या," ते म्हणाले, आणि दुसरा तांब्या घेतला.

दहाव्याला कावळा लगेच शिवला. तिची काही इच्छा राहिली नव्हती, म्हणून सर्जेरावांनी डोळे पुसले. एक इच्छा तरी राहिली नव्हती, हे खरंच होतं.

तेराव्यानंतरच्या रविवारी बायका आल्या. छप्पर नंदाच्या नावावर आहे, तिथं काही बदलणार नाही. कोनाड्यात एक गोल, फिकट डाग राहिला होता, वीस वर्षं कुणीतरी बसल्याचा. तो डाग मला बघवेना. मी पदर खोचला आणि पहिल्यांदाच शेणात हात घातला. गुडघे काही मला जमले नाहीत, मान बरी आली. साडीच्या काठाचं सूत काढून दोर केला.

नंदा वाकून बघत म्हणाली, "मावशी, पोट लय बारीक झालंय."

"वाढवू दरवर्षी."

आता तो कोनाड्यात बसलेला आहे. वर्षश्राद्धाला सर्जेराव येतील, मान त्यांचाच असतो. त्यांचे गुडघे वर्षभरात काही सुधारणार नाहीत, तेव्हा ऊन पाणीही मागतील. पण हा ओला आहे तोवर बंब पेटायचा नाही; तो मी त्या रविवारीच घासून पालथा घातलाय.