तिसऱ्यांदा कुणी विचारलं नाही

ब्लूबेरींचा रस चुलीवर उकळत होता. तो दाट करायला बटाट्याचं पीठ घ्यावं म्हणून डबा उघडला, तर तळाला चिमूटभरही नाही.

"आल्वार, पीठ कुठं गेलं?"

"बर्फ झालं त्याचं," नवरा आतून म्हणाला. "शेवटच्या सिनेमाला नेलं. सांगायचं राहिलं."

आमच्या घरात हे जुनंच आहे. खऱ्या बर्फावरची पावलं ध्वनिमुद्रित केली की कागद चुरगाळल्यासारखी ऐकू येतात. तेच पीठ पिशवीत भरून मुठीनं दाबलं, की ऐकणाऱ्याला हुडहुडी भरते. कितीतरी नायिका माझ्या डब्यातल्या पिठावरून चालत प्रियकराकडे गेल्या आहेत.

आल्वार उत्तरेकडच्या खेड्यातला. तिथल्या सभागृहात सिनेमाचं यंत्र चालवायचा, तुटलेली फीत जोडता जोडता संकलन शिकला. स्टॉकहोमला आल्यावर दुसऱ्यांनी बिघडवलेले प्रसंग सावरत राहिला, वर त्यांत असे आवाजही भरले. नाव यायचं ते खाली, 'सहाय्य' म्हणून, पाचसहा जणांच्या गर्दीत. आता निवृत्ती आली. या शेवटच्या सिनेमाचं संकलन आणि ध्वनी, दोन्ही त्याचंच. एकदा तरी नाव एकट्याचं यावं, एवढंच त्याला हवं होतं. बोलला नाही, पण कोट नवा शिवला.

काल पहिला खेळ होता. मी प्रार्थनासभा चुकवून गेले. संकलन म्हणून दिग्दर्शकाचं नाव आलं, ध्वनी म्हणून स्टुडिओचं. घोडे पुरवणाऱ्याचंही आलं. आल्वार कुठंच नाही.

बाहेर निर्माता स्टाफान भेटला. मी थेट विचारलं.

"अहो बाई, मी दोनदा विचारलं यांना! दोन्ही वेळा म्हणाले, राहू दे, कशाला," तो म्हणाला. मग आल्वारकडे वळला, "अजून पुढच्या प्रती निघायच्यात. घालू का?"

"नको, उगाच त्रास," आल्वार म्हणाला.

"बघा!" म्हणून स्टाफान दुसऱ्या पाहुण्यांकडे गेला.

आमच्या गावाकडं कॉफीलासुद्धा दोनदा नको म्हणायचं आणि तिसऱ्या आग्रहाला पेला पुढं करायचा, ही रीत. स्टाफान शहरात वाढलेला. त्याच्या लेखी नको म्हणजे नको.

"अरे, पण हा तिसरा आग्रहच होता की!" घरी येताना मी म्हणाले.

"छे. आधीचं तेव्हाच संपलं. हा नवा प्रश्न, नव्यानं पहिल्यांदा विचारलेला. आणखी दोनदा विचारायला हवं होतं त्यानं."

"फोन कर त्याला."

"मागून घेतलेलं गोड लागतं का, हिल्दुर?"

"न मागता घोडेवाल्याला मिळालं. त्याला विचार."

आज सकाळी स्टाफानला क्षमा करण्यासाठी गुडघे टेकले, पण शब्द येईनात. देव दोनदा विचारून निघून जात नाही. माणसं जातात.

चूल बंद केली. आल्वार टोपी घालून दुकानात गेलाय, बटाट्याचं पीठ आणायला.