देव्हाऱ्यातलं बक्कल
चिंचेने पितळ घासल्याचा वास आला की मुरबाडजवळचं एक घर आठवतं. इंग्रजी अमलातल्या गोऱ्यांच्या एका स्वयंसेवक पलटणीचा इतिहास मी लिहीत होतो. तिच्या पट्ट्याचं पितळी बक्कल त्या घरात तिथल्या म्हाताऱ्याच्या पणजोबांची आठवण म्हणून पुजलं जाई. बक्षीस दिलेल्या बक्कलामागे ते मिळवणाऱ्याचं नाव कोरलेलं असे, हे मी सांगितलं तेव्हा म्हाताऱ्याने ते देव्हाऱ्यातून काढून माझ्यापुढे धरलं. "बघ. गाव पणजोबाला चोर म्हनतंय." सून दारात थिजली. मी बक्कल उजेडात उलटवलं. दर दसऱ्याला घासून मागची बाजू पार गुळगुळीत झाली होती. "काहीच दिसत नाही," मी म्हणालो. "घासा गो अजून!" तो सुनेवर ओरडला. मग त्याने बक्कल पुसून कुंकू लावलं. "नाय तर नाय. देवच ऱ्हाऊ दे." माझ्या पुस्तकात त्या बक्कलाची नोंद नाही, देव्हाऱ्यात ते अजून आहे.